बांधावरची खोकडं आणि वायरमनचा कॅमेरा : सोलापूरच्या माळावरचं एक प्रकरण

प्रकरण असं आहे की सोलापूर-बार्शी रोडला, नान्नजच्या अलीकडं की पलीकडं ते सांगत नाही (का ते पुढं येईलच), माळाला लागून एक वस्ती आहे. थोरला भाऊ शेती बघतो, धाकटा मोटर रिवाइंडिंग आणि वायरिंगची कामं करतो म्हणून गाव त्याला वायरमनच म्हणतं. या वायरमननं दोन सीझन आपल्याच बांधावर राहणाऱ्या खोकडाच्या (माळावरचा लहान कोल्हा) जोडीची फिल्म केली. कुठल्या चॅनलसाठी नाही की स्पर्धेसाठी नाही, स्वतःला बघायला. एडिटिंगला मी बसलो आणि बऱ्याचदा वस्तीवर मुक्काम पण केला, त्यामुळं आतली बाहेरची दोन्ही बाजू माहिती आहे. वाइल्डलाइफ शूट म्हटलं की ताडोब्याची जिप्सी डोळ्यापुढं येते त्यांनी हे जरा वाचावं, कारण इथं जे काही झालं, बरं आणि वाईट, ते सगळं घरापासून हाकेच्या अंतरावर झालं.

आधी जागा समजून घ्या. हा भाग म्हणजे मुरमाड माळ, कुसळी गवत, मधूनमधून हिवर-बाभळ, पाऊस सगळा मिळून साधारण साडेपाचशे मिलिमीटर, तोही आला तर. बाहेरच्याला वाटतं इथं काय नाही, पडीक आहे. पण काळवीट इथं, लांडगा इथं, तरस इथं, हिवाळ्यात भोवत्ये (शिकारी पक्षी) येतात ते इथंच गवतात रात्री उतरतात. 1979 ला माळढोक पक्ष्याचं अभयारण्य झालं तेव्हा कागदावर त्याचा पसारा 8,496 चौरस किलोमीटर होता, त्यात गावं, शेतं, रस्ते सगळंच आलं, लोकांची जमिनीवरून वर्षानुवर्षं ओरड झाली आणि नंतर ते 1,222 वर आणलं. माळढोक आता नावालाच राहिलाय, पण त्याच्या नावानं बाकीच्यांना जागा मिळाली हे मान्य करावं लागतं. आणि अभयारण्य आणि खाजगी शेत अशी इथं भिंत नाहीये, कुणाच्या तरी हरभऱ्यात काळवीट उभं असतं आणि कुणाच्या तरी बांधात खोकडाचं बीळ असतं.

परवानगीचा विषय सगळे टाळतात म्हणून आधीच सांगतो. वन्यजीव संरक्षण कायदा 1972, कलम 27, अभयारण्यात कोण जाऊ शकतं ते त्यात आहे आणि ज्याची तिथं जमीन आहे त्याला जायला हरकत नाही. पण शूटिंगसाठी कलम 28 बघायचं, 2022 च्या दुरुस्तीनं तिथं फोटोग्राफीबरोबर फिल्म करणं पण घातलंय, अट अशी की अधिवासात बदल करायचा नाही आणि प्राण्याला त्रास होता कामा नये. वायरमनचं बीळ स्वतःच्या बांधावर, तरी हा गडी वनखात्याच्या माणसाकडं जाऊन बोलून आला, काय करणार, कुठं कॅमेरा लावणार, सगळं सांगून. त्याचा फायदा पुढं झाला. ड्रोनचं त्यानं नावच काढलं नाही. एका पाहुण्यानं आणलेला, त्याला म्हणला पेटीतच ठेव. परवानगीचा भाग वेगळाच, पण खोकडाच्या पिल्लाला वरून फिरणारी वस्तू म्हणजे गरुडच की, उघड्या माळावरचं जनावर आहे ते, बिळात घुसलं की तासभर बाहेर येत नाही, मग शूट कुणाचं करणार, बिळाच्या तोंडाचं?

आता मूळ गोष्ट. त्याला ही जोडी दिसली ती शेतीपंपाच्या लाईटच्या पाळीमुळं. आठवडा दिवसपाळी आठवडा रात्रपाळी, हे ज्याचं शेत आहे त्याला सांगायला नको. रात्रपाळीला मोटर चालू करून कांद्याला दारं धरायची, म्हणजे वाफ्यावाफ्यात पाणी वळवायचं, डोक्याला बॅटरी, पायात गमबूट, हातात खोरं. कोरड्या वाफ्यात पाणी शिरलं की जमिनीतलं सगळं वर येतं, रातकिडे, भुंगे, एखादा उंदीर. दिवसा त्यावर बगळे तुटून पडतात, रात्री खोकड येतं. मी स्वतः बघितलंय ते असं: पाण्याचं तोंड वाफ्यात हळूहळू पुढं सरकतंय, त्याच्या वीतभर पुढं ओली माती काळी पडत चाललीये, आणि त्या रेषेला धरून मादी चालतीये, मान खाली, दोन्ही कान पुढं आणि एकेक कान वेगळा हलतोय. थांबते, पुढचे दोन पाय उचलून टुणकन उडी, तोंडात रातकिडा, आणि मग पंजा ओला झाला म्हणून झटकते, तो झटका इतका चिडका असतो की हसू येतं. अडीच-तीन किलोचं जनावर, शेपटीचं टोक काळं, आणि आमच्यापासून चाळीस-पन्नास फुटांवर. वायरमन दारं मोडत होता, त्यानं मान पण वर केली नाही. नंतर मला म्हणला, "तू थांबून बघायलास ना, त्यानंच ती बिचकती. काम करत ऱ्हा, मग काय नाही."

या केसमधलं सगळ्यात कामाचं वाक्य मला हेच वाटतं. माळावरच्या जनावराला चालता माणूस, बैलगाडी, ट्रॅक्टर, मेंढरांमागचा धनगर हे सगळं पाठ असतं. चालता चालता थांबणारा, वाकणारा, त्याच्याकडं रोखून बघणारा माणूस मात्र नवीन असतो, आणि शिकारी पण अगदी तेच करतो. म्हणून लपून बसण्यापेक्षा यानं उलटं केलं, जे रोज करतो तेच करत राहिला आणि कॅमेरा त्या कामात घुसवला. खोऱ्याच्या दांड्याला क्लॅम्प ठोकून त्यावर कॅमेरा. ट्रॅक्टरच्या मडगार्डवर वाळूची पिशवी, त्यावर कॅमेरा. बाहेरून आलेल्या माणसाला हे जमत नाही, त्याच्याकडं कितीही भारी लेन्स असू दे, कारण त्याचं तिथं दुसरं काही कामच नसतं.

सामान बघाल तर हसाल. दिवसासाठी सेकंडहँड निकॉन पी 900, 83 पट झूमवाला. झूम आहे म्हणून वापरता येतो असं नाही, फेब्रुवारीनंतर सकाळी नऊ वाजले की जमिनीतून वाफा उठतात आणि लांबचं सगळं पाण्यात पडल्यासारखं हलायला लागतं, त्यामुळं शूट म्हणजे उजाडल्यापासून फार तर दोन तास. रात्रीसाठी जुना सोनी हँडीकॅम, तो नाइटशॉटवाला, म्हणजे अंधारात शूट करणारा, लग्नाचं शूटिंग करणाऱ्या एकाकडून भंगाराच्या भावात घेतलेला. त्याला उजेड कशाचा तर सीसीटीव्हीला लावतात तो इन्फ्रारेड दिवा, आणि दिव्याला करंट कुठनं तर फवारणी पंपाची बारा व्होल्टची बॅटरी. वायरमन असल्याचा हा फायदा. त्यात पण बारीक गोष्ट आहे, 850 नॅनोमीटरवाला दिवा अंधारात बारीक लाल दिसतो, 940 वाला दिसतच नाही पण उजेड कमी पडतो. पहिल्या काही रात्री खोकड त्या लाल ठिपक्याकडं टक लावून बघत बसलं, मग यानं 940 चे दोन दिवे जोडून लावले आणि विषय संपला.

बिळाजवळ एक कॅमेरा ट्रॅप. त्याचं सोलापुरात वेगळंच दुखणं आहे जे पुस्तकातल्या जंगलात नसतं. त्यातला सेन्सर उष्णतेचा फरक ओळखतो, आजूबाजूपेक्षा गरम काहीतरी हललं की फोटो. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीच्या वर जातो तेव्हा माळच जनावराच्या अंगाइतका गरम असतो, समोरून खोकड गेलं तरी सेन्सरला पत्ता नाही, आणि वाऱ्यानं तापलेलं कुसळ हललं की धडाधड क्लिप. कार्ड भरलेलं आणि आत सगळं गवत. मग त्यानं ट्रॅप उत्तरेकडं तोंड करून, बांधाच्या सावलीत लावला, समोरचं गवत उपटलं नाही (कलम 28 लक्षात ठेवा), तर दोन फूट सरकवून मोकळ्या जागेकडं केला. आवाजाचं पण असंच, माळावर वारा इतका की माइकमध्ये नुसता घोंघाट. फरचं कव्हर महाग म्हणून धनगराकडनं लोकर आणली आणि वहिनींनी ती माइकभोवती गुंडाळून जुन्या मोज्यात शिवून दिली. त्या माइकवरचा आवाज मी हेडफोनवर ऐकला तेव्हा टिटवी, रातवा आणि लांब कुठंतरी खोकडाचं ते भरभर चकचक बोलणं, सगळं सुटं सुटं ऐकू आलं.

पहिल्या सीझनला फेब्रुवारीअखेर पिल्लं झाली असावीत, मार्चअखेर ती तोंडाशी दिसायला लागली, चार. आणि इथंच केस बिघडली.

पाडव्याला पुण्याहून भाचा आलेला. मामाच्या मोबाइलमधली चाळीस सेकंदांची क्लिप, पिल्लं एकमेकांच्या शेपट्या ओढतायत, त्यानं स्टेटसला टाकली, गावाचं नाव लिहिलं नाही, पोरगं हुशार आहे. पण पिल्लांच्या मागं क्षितिज होतं, आणि क्षितिजावर हाय टेन्शनचा टॉवर आणि गावची पाण्याची टाकी. त्यात आवाज चालू, आणि आवाजात ग्रामपंचायतीचा भोंगा, पाणीपट्टी भरा म्हणून गावाच्या नावासकट. दोन दिवसांत मोटरसायकली यायला लागल्या. वाईट हेतूनं आलेला एकही नव्हता हे पण सांगतो, लेकराबाळांना दाखवायला आलेले, कुणी पारलेचा पुडा फोडून बिळाच्या तोंडाशी ठेवला, कुणी वाकून आत मोबाइलचा टॉर्च मारला, एकाच्या मागं त्याचं कुत्रं आलेलं. थोरला भाऊ वैतागला, कांद्यातनं वाट पडली म्हणून. चौथ्या रात्री ट्रॅपमध्ये मादी एकेक पिल्लू तोंडात धरून नेताना दिसली, पहाटेपर्यंत बीळ मोकळं. बऱ्याच दिवसांनी ओढ्याकडच्या दुसऱ्या बिळावर ती सापडली तेव्हा पिल्लं तीन होती. चौथ्याचं काय झालं ते कुठल्याच कॅमेऱ्यात नाही, त्यामुळं कुत्र्यानं नेलं, गरुडानं नेलं असं छातीठोक कुणी सांगू नये, गावात सांगतात.

यावर वायरमननं जे केलं ते मला पटलं, क्रम पण पटला. आधी वनखात्याच्या त्या माणसाला फोन, तो ओळखीचा होता म्हणून लगेच आला आणि दोन दिवस संध्याकाळी चक्कर मारून गेला, गर्दी आटली. मग नवीन बिळावर कॅमेरा लावलाच नाही, त्या सीझनचं शूटिंग तिथंच बंद. मी म्हणलं लांबून पी 900 नं तरी घे, नाही म्हणला. मग घरात बैठक, त्यात भाचा पण व्हिडिओ कॉलवर, आणि ठरलं की पिल्लं पांगल्याशिवाय एक सेकंद पण बाहेर जायचा नाही, मोबाइलचं लोकेशन बंद, आणि फ्रेममध्ये क्षितिज नको. हे शेवटचं ऐकायला सोपं वाटतं, पण माळ म्हणजेच क्षितिज, ते कापलं तर माळ दाखवायचा कसा? दुसऱ्या सीझनला त्यानं कॅमेरा एकतर अगदी जमिनीला टेकवून गवतातनं घेतला, नाहीतर ट्रॅक्टरवरून खाली बघत. त्यानं फिल्म उलट चांगली झाली असं माझं मत आहे, गवताच्या उंचीवरून खोकडाला जग जसं दिसत असेल तसं काहीतरी आलं त्यात. भोंग्याचा आवाज आम्ही एडिटला कापला, दोन ठिकाणी सापडला.

गर्दीचा जो शॉट ट्रॅपमध्ये आला होता, गमबूट, सँडल, एक लहान पोरगी उकिडवी बसून बिळात बघतीये, तो फिल्ममध्ये ठेवावा असं मी अजून म्हणतो. तो नाही म्हणतो, गावातली माणसं आहेत, उद्या चौकात तोंड दाखवायचंय. त्याचं गाव, त्याची फिल्म.

दुसरा प्रश्न बिस्किटाहून अवघड होता, कारण तो घरातला होता. वहिनी रोज संध्याकाळी उरलेली भाकरी, रविवारी कोंबडीचं काय उरलेलं ते बांधाकडं टाकायच्या, मायेनं. जोडी घराच्या अंगणापर्यंत यायला लागली, आणि शॉट काय सुंदर मिळत होते, दारातल्या बल्बच्या उजेडात खोकड! पण अंगणात कुत्री पण दोन. खोकडाला कुत्र्यापासून नुसता चावण्याचा धोका नसतो, रेबीज आणि डिस्टेंपर हे दोन्ही रोग कुत्र्यांकडून जातात, आणि उलटं पण, पिसाळलेलं खोकड अंगणात आलं तर घरात लेकरं आहेत. वायरमननं वहिनींना कसं समजावलं माहीत नाही, मी असतो तर भांडण झालं असतं, पण भाकरी बंद झाली. दोन्ही कुत्र्यांना जनावरांच्या दवाखान्यातनं रेबीजची लस दिली, रात्री साखळी. मग जोडी अंगणात यायची थांबली, ते शॉट गेले, पुन्हा कांद्याच्या वाफ्याएवढं अंतर राहिलं. आणि खायला काय कमी होतं? उन्हाळ्यात वाळवी, उंदीर, सरडे, हिवाळ्यात बोरं, रात्रपाळीला रातकिडे.

या अंतराबद्दल लोकांचा गोंधळ फार आहे म्हणून एक बाहेरचं उदाहरण देतो. अलास्कातल्या कॅटमाई नॅशनल पार्कात टिमोथी ट्रेडवेल नावाचा माणूस 13 उन्हाळे तपकिरी अस्वलांमध्ये तंबू टाकून राहिला, स्वतःच स्वतःचं शूटिंग करायचा, शेवटच्या वर्षांतलं फुटेजच शंभर तासांच्या आसपास आहे. अस्वलांच्या इतका जवळ की हात लावायचा. ऑक्टोबर 2003 मध्ये अस्वलानं त्याला आणि त्याच्या मैत्रिणीला मारलं. याचा शेवट बहुतेक लोक इथंच सांगतात, पण त्यांना शोधायला गेलेल्या पथकाला तिथं दोन अस्वलं गोळ्या घालावी लागली. आता खोकड काय माणूस खात नाही, पण हिशोब तोच आहे: जनावराची भीड तुमच्यापुरती मोडत नाही, ती सगळ्या माणसांपुरती मोडते, आणि तुमच्यामागून येणारा माणूस खोरं घेऊन येणार की काठी, हे तुमच्या हातात नसतं. वायरमनच्या जोडीनं त्याला वाफ्यात चालू दिलं तेवढं पुरेसं होतं, ती मांडीवर येऊन बसायची गरज नव्हती.

दुसऱ्या सीझनला लांडगे आले. नोव्हेंबरात, ओढ्यात, पाच. देशात लांडगे अंदाजे तीन हजारांच्या घरात, म्हणजे वाघाइतकेच काय ते, आणि वाघाची जेवढी बातमी होते त्याच्या शतांशानं यांची होत नाही. पण लांडग्यांची फिल्म म्हणजे धनगराची पण फिल्म, हे वायरमनला लगेच कळलं. माळावर उतरलेल्या धनगरांच्या एका वाड्यातलं (मेंढरांच्या तळातलं) कोकरू रात्री गेलं, सकाळी हा कॅमेरा घेऊन गेला तर म्हातारा धनगर म्हणला, "पाव्हणं, कोकराचं शूटिंग करा, पर माझं तोंड नको." लांडग्यानं मारलं तर वनखात्याकडून भरपाई मिळते, पण लगेच कळवायचं, पंचनामा होईपर्यंत थांबायचं, आणि हे लोक दुसऱ्या दिवशी पुढच्या माळावर, बरेच जण तो नाद सोडूनच देतात. याच्यासाठी वायरमननं फोन केला आणि पंचनामा होईपर्यंत वाडा आपल्या शेतात बसवून घेतला, रानाला खत पण मिळालं, भाऊ खूश. फिल्ममध्ये म्हाताऱ्याचे फक्त हात आहेत, मेलेल्या कोकराच्या कानावरची खूण दाखवणारे, आणि आवाज. शिव्या पण आहेत लांडग्याला, आणि लगेच पुढं "त्याचा बी वाटा असतोच की" असंही आहे, आम्ही दोन्ही ठेवलं. माझ्या मते अख्ख्या फिल्ममधली सगळ्यात खरी दोन मिनिटं तीच.

फिल्म शेवटी अठरा मिनिटांची झाली. निवेदन जवळपास नाही, त्यानं लिहिलेलं "आई आपल्या बाळांना शिकवते" छापाचं मी सगळं उडवलं, त्यावर दोन दिवस बोलत नव्हता. पहिल्यांदा दाखवली ती गावातच, मारुतीच्या देवळाच्या भिंतीवर चादर बांधून, खोकडांनी बीळ सोडून पांगल्यावर, जूनमध्ये. लोकांना खोकडापेक्षा आपली शेतं कुठून कुठून दिसतात त्यातच जास्त रस होता, क्षितिज कापलेलं असून पण पोरं ओरडून सांगत होती हे तुझं रान, हे माझं. एकानं विचारलं, कोंबड्या नेतं का हे? वायरमन म्हणला, नेत असंल एखादी, पण उंदीर किती नेतं ते पण बघा की. तेवढ्यावर ती चर्चा पुढं उंदरांच्या औषधावर गेली आणि तिथून कांद्याच्या भावावर.

अडचण आता वेगळीच आहे. ज्या बांधावर बीळ आहे तो आणि त्याच्या मागची मुरमाड पट्टी थोरल्या भावाच्या वाट्याची, आणि सोलर प्लँटवाले त्या बाजूची जमीन भाड्यानं मागतायत. पीक येत नाही अशा जमिनीला वर्षाला ठरलेले पैसे, कोण नाही म्हणेल, मी पण नाही म्हणलो नसतो. वायरमननं भावाला फिल्म दाखवून काही उपयोग नाही, भाऊ फिल्ममध्येच आहे, ट्रॅक्टर तोच चालवतोय. त्यानं वेगळं मांडलंय: पट्टी द्या, पण बांध आणि त्याच्या अलीकडची दहा गुंठे सोडा, तेवढ्याचं भाडं मी माझ्या रिवाइंडिंगच्या पैशातून देतो. भाऊ म्हणला, "दिवाळीनंतर बघू." वहिनी धाकट्या दिराच्या बाजूनं आहेत. सोलरवाल्यांचा माणूस मोजणीला येऊन गेला, बांधाला चुना अजून मारलेला नाही.